कुंपण नसलेलं शेत : गॅरी ओक आणि त्याच्या माळाचा इतिहास

आजचा विषय एका झाडाचा आहे. तत्त्वज्ञान शिकवण्यात ज्याचं आयुष्य गेलं त्याने झाडावर काय बोलायचं, असं तुमच्यापैकी काहींना वाटलं असेल, आणि ते रास्तच आहे. वनस्पतिशास्त्रात माझा अधिकार नाही. पण या झाडाच्या इतिहासात आमच्या विषयाचा एक फार जुना प्रश्न येऊन बसलेला आहे : निसर्ग कशाला म्हणायचं आणि माणसाचं काम कशाला म्हणायचं? वर्गात हा प्रश्न निरुपद्रवी असतो. पाच गुणांची टीप लिहून मुलं मोकळी होतात. इथे मात्र त्याच्या उत्तरावरून लोकांच्या जमिनी गेल्या, म्हणून तो मला सांगावासा वाटतो.

झाडाचं नाव गॅरी ओक. शास्त्रीय नाव क्वेर्कस गॅरियाना. अमेरिकेत त्याच झाडाला ओरेगॉन व्हाइट ओक म्हणतात. आपल्याकडे ओक म्हटलं की आधी आडनाव आठवतं आणि त्यानंतर सिल्व्हर ओक. हा सिल्व्हर ओक म्हणजे ओक नव्हेच. ते ऑस्ट्रेलियातलं झाड, चहा-कॉफीच्या मळ्यात सावलीसाठी लावतात. सह्याद्रीत मूळचा ओक एकही नाही. हिमालयात आहेत, कुमाऊँकडे गेलेल्यांनी बांज पाहिला असेल, पण तो सदाहरित. गॅरी ओक पानझडी आहे. आपला साग उन्हाळ्यात उघडा पडतो, हा हिवाळ्यात. त्याला नवी पानं फुटायला एप्रिल सरत येतो, कधी मे उजाडतो. ही उशिरा पालवण्याची गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

हे झाड उत्तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याचं. दक्षिणेला कॅलिफोर्निया, मग ओरेगॉन, वॉशिंग्टन, आणि उत्तरेचं टोक म्हणजे कॅनडातलं व्हँकुव्हर बेट आणि त्याच्या आसपासची लहान बेटं. ब्रिटिश कोलंबिया हा एवढा अवाढव्य प्रांत, पण त्यात मूळचा ओक हा एवढाच. त्या प्रांतातली या झाडाची जागाही चिमूटभर आहे.

असं का, ते आपल्याला चटकन कळेल. महाबळेश्वरला पाऊस धो धो कोसळतो आणि खाली वाईला कितीतरी कमी, हे आपण लहानपणी भूगोलात शिकतो. तिथे तेच काम ऑलिंपिक पर्वत करतो. समुद्रावरून येणारे ढग त्याच्या पश्चिम उतारावर रिकामे होतात. तिथल्या अरण्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो. आडोशाला असलेल्या व्हिक्टोरिया शहरात जेमतेम सहाशे. म्हणजे पुण्यापेक्षाही थोडा कमीच. आणि तोही बहुतेक हिवाळ्यात. जुलै-ऑगस्टमध्ये, आपल्याकडे छत्र्या उलट्या होत असतात तेव्हा, तिथलं गवत वाळून पिवळं पडलेलं असतं. चहूकडे उंच, काळोख्या सूचिपर्णी झाडांचं ओलं अरण्य आणि मध्येच हा कोरडा, उजेडाचा तुकडा. त्या तुकड्यात गॅरी ओक.

व्हिक्टोरियात राहणारी माझी एक जुनी विद्यार्थिनी दर एप्रिलमध्ये फोटो पाठवते. लांब लांब उभे असलेले, वाकड्यातिकड्या फांद्यांचे ओक, अजून निष्पर्ण. आणि खाली निळ्या-जांभळ्या फुलांचा गालिचा. ही फुलं कॅमसची. ओकला पानं उशिरा फुटतात म्हणून मार्च-एप्रिलचं ऊन थेट जमिनीपर्यंत पोहोचतं. तेवढ्या दिवसांत कॅमस, पांढऱ्या लिली आणि बाकीची फुलझाडं आपला संसार उरकून घेतात. वरची सावली दाट होईपर्यंत खालचं काम झालेलं असतं. झाडाचं पानझडी असणं आणि खालच्या माळाचं फुलणं ही एकाच व्यवस्थेची दोन अंगं आहेत. नुसत्या झाडाचा फोटो काढला तर निम्मी गोष्ट सुटते.

आता इतिहासाकडे येऊ.

१८४२ साली जेम्स डग्लस नावाचा एक अधिकारी व्हँकुव्हर बेटाच्या दक्षिण टोकाला आला. तो हडसन्स बे कंपनीचा माणूस. ही कंपनी चामड्याच्या, म्हणजे फरच्या व्यापारासाठी निघालेली. आपल्याला कंपनी सरकार हा शब्द नवा नाही, म्हणून एक योगायोग सांगून टाकतो. इंग्लंडच्या दुसऱ्या चार्ल्स राजाने १६६८ मध्ये मुंबई बेट ईस्ट इंडिया कंपनीला दिलं, वर्षाला दहा पौंड खंडाने. दोनच वर्षांनी, १६७० मध्ये, त्याच राजाने हडसन्स बे कंपनीला सनद दिली. आणि पुढे १८४९ मध्ये राणी व्हिक्टोरियाच्या काळात अख्खं व्हँकुव्हर बेट त्या कंपनीला मिळालं, वर्षाला सात शिलिंगांवर. मुंबई त्या मानाने महागच पडली म्हणायची.

तर डग्लसला कंपनीच्या नव्या ठाण्यासाठी जागा हवी होती. हा माणूस साधा नव्हे. जन्म दक्षिण अमेरिकेतल्या डेमेरारा वसाहतीतला, बाप स्कॉटिश, आई मिश्र वंशाची. पत्नीची आई क्री समाजातली. म्हणजे गोऱ्या साहेबाची आपल्या डोक्यात जी ठराविक आकृती असते तिच्यात तो बसत नाही. अनेक वर्षं अरण्यात काढलेल्या या माणसाने ओकांचा माळ पाहिला आणि तो हरखून गेला. मित्राला लिहिलेल्या पत्रात त्याने या जागेला ईडनची, म्हणजे बायबलातल्या आदिम बागेची उपमा दिली. त्या उदास किनाऱ्यावर ही जागा जणू ढगांतून खाली पडली असावी, असं त्याला वाटलं. १८४३ मध्ये तिथे फोर्ट व्हिक्टोरिया उभा राहिला.

आता त्या उपमेकडे जरा नीट बघा. ईडनची बाग कोणी केली? देवाने. माणूस तिथे आयता आला. ढगांतून पडलेल्या वस्तूलाही कर्ता नसतो. डग्लसचे डोळे चांगले होते. हा माळ आसपासच्या अरण्यासारखा नाही, वेगळा आहे, बागेसारखा आहे, हे त्याला बरोबर दिसलं. दिसला नाही तो माळी. आणि गंमत अशी की माळी समोरच उभे होते.

ते म्हणजे लेक्वंगन लोक. सॉन्गीज आणि एस्क्वायमॉल्ट ही आजची दोन राष्ट्रं त्यांचीच. कॅमसला ते क्वेटलाल म्हणतात. त्या निळ्या फुलाखाली लहान कांद्याएवढा कंद असतो आणि तो त्यांचं महत्त्वाचं अन्न होता. मासे सोडले तर पिष्ठाला, गोडाला दुसरं होतं काय! हे काम मुख्यतः बायकांचं. माळाचे वाफे कुटुंबाकुटुंबांत वाटलेले असत आणि आईकडून मुलीकडे असे पिढ्यान् पिढ्या चालत येत. काठीने माती उकरायची, मोठे कंद काढून घ्यायचे, लहान परत पुरायचे. दगड वेचून बाजूला टाकायचे. झुडपं उपटायची. कॅमससारखाच दिसणारा एक विषारी कंद तिथे उगवतो, इंग्रजीत त्याला डेथ कॅमसच म्हणतात. त्याचं फूल निळं नसून फिकट पिवळसर असतं, पण फुलं वाळून गेली की दोन्ही कंद सारखेच. म्हणून फुलांच्या दिवसांतच वाफ्यांतून हिंडून तो ओळखायचा आणि काढून टाकायचा. हे निंदणंच झालं की! आपल्या बायका भुईमुगात करतात तेच.

कंद शिजवण्याची रीतही ऐकण्यासारखी आहे. जमिनीत खड्डा, तळाशी तापवलेले दगड, त्यावर पाला, त्यावर कंद, वरून पुन्हा पाला आणि माती. आपल्या पोपटीची आठवण येईल, पण पोपटी तासाभरात होते. हे एक-दीड दिवस, कधी जास्तच, मुरत ठेवायचं. कारण या कंदात इन्युलिन नावाचा पदार्थ असतो, तो आपल्या पोटाला पचत नाही. संथ, ओलसर उष्णतेत तो फुटून त्याची फळातली साखर होते. पांढरा कंद तपकिरी आणि गोड होतो. हा शिजवलेला माल बेटाच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या लोकांपर्यंत व्यापारात जाई. म्हणजे ज्याला पीक म्हणावं, ज्याला शेतमाल म्हणावं, ते सगळं इथे होतं. नांगर नव्हता. आणि कुंपण नव्हतं.

राहिली आग. हंगाम संपला, गवत वाळलं की हे लोक माळ पेटवत. कोकणातल्या किंवा मावळातल्या माणसाला यात नवल वाटायचं कारण नाही. राब भाजल्याशिवाय भाताची रोपं धरत नाहीत, हे तो आजीच्या तोंडून ऐकत आलेला असतो. आणि त्या राबासाठी रानातला पाला तोडू द्यायचा की नाही यावरून ठाणे-कुलाब्यात एकोणिसाव्या शतकात सरकारी जंगल खात्याशी केवढे तंटे झाले! पण ते असो. गॅरी ओकच्या माळावर आग काय करते ते पाहू. जमिनीलगतची, भराभर सरकणारी आग वाळलं गवत खाते. कंद मातीत सुखरूप राहतात, उलट त्यांना राखेचं खत आणि मोकळा उजेड मिळतो. मोठ्या ओकची साल जाड, ती धग सोसते. लहान ओक वरून जळाला तरी बुंध्यापासून पुन्हा फुटतो. मरतं कोण? तर सूचिपर्णी झाडाचं, डग्लस फरचं, कोवळं रोप. ते जळालं की गेलंच.

(हा डग्लस वेगळा बरं का. डेव्हिड डग्लस, लंडनच्या बागकाम संस्थेसाठी झाडं गोळा करत हिंडणारा. आपल्या ओकला गॅरी हे नाव त्यानेच दिलं, हडसन्स बे कंपनीच्या निकोलस गॅरी या अधिकाऱ्याच्या सन्मानार्थ. सगळ्यांची नावं लागली. ज्यांनी माळ राखला त्यांचं तेवढं राहिलं.)

या डेव्हिड डग्लसने १८२६ च्या शरद ऋतूत दक्षिणेला ओरेगॉनमधल्या विलॅमेट खोऱ्यातून प्रवास केला. तिथेही हाच ओक, आणि कालापुया लोक. जमीन मैलोन् मैल जळालेली, घोड्यांना चारा मिळेना, अशी नोंद त्याने रोजनिशीत केली आणि हे लोक मुद्दाम आग लावतात हेही लिहून ठेवलं. म्हणजे माहिती नव्हती असं नाही. माहिती होती. पण तिचा अर्थ ‘उपद्रव’ असा लागला, ‘मशागत’ असा लागला नाही.

शास्त्रज्ञांनी त्या भागातल्या तळ्यांच्या गाळातले परागकण तपासले आहेत. सुमारे आठ हजार वर्षांपूर्वी हवा आजच्यापेक्षा उबदार आणि कोरडी होती, तेव्हा ओकचा सुकाळ होता. नंतर हवा थंड आणि ओली होत गेली. नुसत्या हवामानावर सोडलं असतं तर खोल मातीचे माळ केव्हाच डग्लस फरच्या अरण्याखाली गेले असते. उघड्या कातळावरचे ओक कदाचित टिकले असते, कारण तिथे फरला माती पुरत नाही. पण डग्लसने पाहिलेली ती बाग खोल मातीची होती, आणि ती उघडी राहिली याचं मोठं कारण दरवर्षी कुठे ना कुठे लावलेली आग हे होतं.

आता मी माझ्या घरच्या अंगणात येतो, म्हणजे जॉन लॉककडे.

सतराव्या शतकाच्या अखेरीस लॉकने मालमत्तेचा सिद्धांत मांडला. थोडक्यात तो असा : जमीन मुळात सगळ्यांची. पण जो माणूस तिच्यात आपले श्रम मिसळतो, ती कसतो, लावतो, सुधारतो, तिच्यावर त्याचा हक्क तयार होतो. सिद्धांत मोठा आकर्षक आहे. कसेल त्याची जमीन, असं आपण पुढे म्हणालो, त्याच्यात आणि याच्यात नातं दाखवता येईल. पण लॉकच्या मांडणीत एक गोष्ट हळूच घडते. ‘श्रम’ या कसोटीच्या शेजारी तो ‘कुंपण’ ही कसोटी आणून बसवतो, आणि बघता बघता दुसरी पहिलीची जागा घेते. अमेरिकेतला मूळ रहिवासी त्याच्या पुस्तकात वारंवार येतो, आणि येतो तो फळं वेचणारा, हरणं मारणारा, कुंपण ठाऊक नसलेला माणूस म्हणून. मारलेलं हरीण त्याचं, कारण त्यात श्रम आहेत. जमीन मात्र त्याची नाही. ती ‘वेस्ट’, म्हणजे पडीक. लॉक हा काही हवेतला विचारवंत नव्हता. अमेरिकेतल्या कॅरोलिना वसाहतीच्या मालकमंडळाचा तो चिटणीस होता.

मला इथे एक गोष्ट ठासून म्हणायची आहे. लॉकची पहिली कसोटी, श्रमाची, जर प्रामाणिकपणे लावली असती तर कॅमसचे वाफे लेक्वंगन बायकांच्या मालकीचे ठरतात. दगड वेचले, निंदलं, पुनर्लागवड केली, भाजणी केली. आणखी काय मिसळायचं मातीत? सिद्धांत त्यांच्या बाजूने होता. फसवलं ते सिद्धांताच्या शेपटाने, त्या कुंपणाने. आमच्या क्षेत्रातले पुष्कळ लोक लॉकला सरसकट वसाहतवादी म्हणून मोकळे होतात. मला ते घाईचं वाटतं. पण त्याने कसोट्या बदलून घेतल्या हा आरोप मी कधीच मागे घेणार नाही.

डग्लसने लॉक वाचला होता का, हा प्रश्न गौण आहे. असे विचार वाचावे लागत नाहीत, ते खात्याच्या मसुद्यांतून हाताला लागतात. तो मसुदाच पाहू.

१८५० ते १८५४ या काळात डग्लसने व्हँकुव्हर बेटावरच्या वेगवेगळ्या समाजांशी चौदा करार केले. व्हिक्टोरियाच्या परिसरातले करार १८५० च्या वसंतात झाले. प्रमुखांनी कागदावर फुल्या केल्या, मोबदला दिला गेला, मुख्यतः ब्लँकेटं. पण ज्या कागदावर फुल्या झाल्या तो त्या वेळी कोरा होता. मजकूर लंडनहून नंतर आला, कंपनीच्या चिटणिसाने पाठवलेला, आणि तोही न्यूझीलंडमधल्या माओरी लोकांच्या जमीन खरेदीच्या कागदावर बेतलेला. नावं घालायच्या जागा मोकळ्या सोडून. मग तो त्या फुल्यांच्या वर उतरवला गेला. कोऱ्या कागदावर अंगठा, ही गोष्ट आपल्याला सावकारी पाशातून चांगली ठाऊक आहे. इथे सावकाराच्या जागी साम्राज्य होतं एवढंच. त्या लोकांच्या तोंडी परंपरेत या प्रसंगाचा अर्थ वेगळाच सांगितला जातो : ब्लँकेटं ही सलोख्याची भेट होती, जमिनीची किंमत नव्हे.

मजकुरात काय होतं? तुमची गावठाणं आणि तुमची कुंपण घातलेली शेतं तुमच्याकडे राहतील. रिकाम्या जमिनीवर शिकार करायला आणि पूर्वीप्रमाणे मासेमारी करायला मोकळीक राहील. बाकी सगळी जमीन कायमची गोऱ्यांची.

‘कुंपण घातलेली शेतं.’ मंडळी, या तीन शब्दांत कॅमसचा अख्खा माळ गेला. पीक होतं, वाटणी होती, वारसा होता, मशागत होती, पण कुंपण नव्हतं, म्हणून ते शेत नव्हतं. शेत नव्हतं म्हणून ती बाकीची जमीन होती. एखाद्या शब्दाची व्याख्या कोण करतो याला इतकं महत्त्व का, असं मला विद्यार्थी विचारायचे. याच्यापेक्षा नेमकं उदाहरण मला ठाऊक नाही.

पुढचं वेगाने सांगतो, कारण ते जगभर सारखंच आहे. कंपनीच्या उपशाखेने शेतवाड्या काढल्या. खोल मातीचे माळ नांगराखाली आले, कारण माती आयती सुपीक होती. गुरं आली, डुकरं आली, आणि डुकरांना कॅमसचे कंद फार आवडले. युरोपातली गवतं आली. कॅप्टन वॉल्टर ग्रँट नावाच्या स्कॉटिश माणसाने हवाईहून आणलेलं ब्रूम नावाच्या पिवळ्या फुलांच्या झुडपाचं बी सुक इथे पेरलं, घरची आठवण म्हणून. आज ते झुडूप माळ गिळत सुटलं आहे, आपल्याकडच्या घाणेरीसारखं. रोगांच्या साथींनी माणसं मेली. दक्षिणेला विलॅमेट खोऱ्यात तर १८३० च्या दशकातच हिवतापाने बहुसंख्य कालापुया गेले होते. १८७४ मध्ये ब्रिटिश कोलंबियात आगीवर निर्बंध घालणारा कायदा झाला. व्हिक्टोरिया बंदराच्या काठावरची सॉन्गीज वस्ती १९११ मध्ये तिथून हलवली गेली. माळ पेटवायला माणूसही उरला नाही आणि परवानगीही.

यानंतर झाडांचं काय झालं, हे मात्र सावकाश सांगायला हवं. आपल्याला वाटेल, शेतं आणि घरं झाली त्यात ओक गेले. गेलेच. पण जिथे कोणी नांगर लावला नाही, घर बांधलं नाही, जिथे माळ नुसता सोडून दिला, तिथेही तो गेला. रॉकी पॉइंट नावाच्या ठिकाणी झाडांच्या वर्तुळांवरून वयं काढली गेली. तिथे साधारण १८५० पूर्वी तुरळक झाडांचा मोकळा माळ होता. आग थांबल्यावर ओकची नवी झाडं भराभर उगवली. पहिली काही दशकं ओकच्या भरभराटीची. मग त्यांच्यामागून डग्लस फर आले. फर वेगाने उंच होतो, ओकला सावली सोसत नाही. फर त्याच्या डोक्यावरून निघून गेले आणि खालचे ओक उजेडावाचून एकेक करून वाळले. म्हणजे ज्याला आपण ‘निसर्गावर सोडणं’ म्हणतो त्यानेच हा नैसर्गिक अधिवास नाहीसा केला.

ॲरिस्टॉटलच्या भौतिकशास्त्रात एक जुना दाखला येतो, तो अँटिफॉनचा म्हणून देतो. लाकडी पलंग जमिनीत पुरा. कुजून त्याला कोंब फुटलाच तर काय उगवेल? पलंग नाही, लाकूडच. म्हणजे लाकूड हा निसर्ग आणि पलंग हे माणसाने वरून चढवलेलं रूप. ही कसोटी आपल्या माळाला लावून बघा. माळ सोडून दिला तर काय उगवतं? माळ नाही, फरचं अरण्य. मग माळ हा पलंग झाला म्हणायचा का? पण ओक कोणी घडवला नाही, कॅमस कोणी घडवला नाही. जे नावाचा निळा पक्षी एकॉर्न, म्हणजे ओकचं बी, उचलून नेतो आणि मातीत लपवून विसरतो, म्हणून नवा ओक उगवतो. त्याला कोणी शिकवलं नाही. इथे प्रत्येक घटक निसर्गाचा आहे आणि त्यांची मांडणी हजारो वर्षांच्या हातांची आहे. पलंग की लाकूड या प्रश्नात ही वस्तू मावत नाही. मराठीत एक सोय आहे. आपण ‘राखणं’ म्हणतो. कुरण राखतात, देवराई राखतात, पिकाचीही राखण असते. राखणारा निर्माता नसतो, पण तो नसला तर वस्तूही नसते. ईडन म्हणणाऱ्या भाषेत हा शब्द असता तर, असं कधी कधी मनात येतं. अर्थात ज्यांच्याकडे शब्द होता त्यांनी आपली कुरणं किती राखली हे विचारू नका!

आज ब्रिटिश कोलंबियात ही परिसंस्था मूळच्या जवळपासच्या अवस्थेत पाच टक्क्यांहूनही कमी उरली आहे. व्हिक्टोरिया आणि शेजारची ओक बे नगरपालिका (नावच ओक बे) यांचे झाड वाचवण्याचे नियम आहेत. जुना ओक परवानगीशिवाय तोडता येत नाही. चांगलं आहे. पण तो ओक उभा कुठे आहे? हिरवळीत. खाली पडणारं एकॉर्न रुजलं तर पुढच्या आठवड्यात गवत कापायचं यंत्र त्यावरून फिरतं. तीन-चारशे वर्षांची झाडं रस्त्याकडेला उभी आहेत, त्यांना वंश नाही. नियम झाडाला ओळखतो, माळाला ओळखत नाही. कुंपणाचीच दृष्टी ही, फक्त आता कुंपण एकेका बुंध्याभोवती आलं.

उलट उदाहरण सीमेपलीकडे वॉशिंग्टन राज्यात आहे, आणि ते ऐकून हसावं की काय कळत नाही. तिथल्या माळांचा उत्तम टिकलेला भाग लष्कराच्या तळावर आहे, लुईस-मॅकॉर्ड नावाच्या, आणि त्यातही तोफांचे गोळे जिथे पडतात त्या पट्ट्यात. गोळे पडले की गवत पेटतं. गेली कित्येक दशकं पेटत आलं. म्हणून फरची रोपं टिकली नाहीत आणि दुर्मीळ फुलपाखरं टिकली. कालापुया आणि लेक्वंगन लोक जे काठीच्या टोकावरच्या निखाऱ्याने करत ते इथे तोफखान्याने, नकळत केलं. आता लष्कर आणि संवर्धनवाले मिळून तिथे ठरवून, वारा बघून आगी लावतात.

व्हँकुव्हर बेटावर काउइचन खोऱ्यात नेचर कॉन्झर्व्हन्सी ऑफ कॅनडा या संस्थेने एक राखीव माळ घेतला आहे, तिथेही नियंत्रित आग लावून पाहिली जाते. २००५ मध्ये मॅकडूगल आणि टर्किंग्टन या दोन संशोधकांनी त्याच भागातल्या प्रयोगांवरून एक चांगला प्रश्न मांडला. माळ व्यापून बसलेली परकी गवतं ही गाडी चालवणारी आहेत की गाडीत बसलेले प्रवासी? गवतं उपटली तरी बऱ्याच देशी वनस्पती आपोआप परतल्या नाहीत. मुख्य कारण आग थांबणं हे होतं, गवतं बरीचशी प्रवासी होती. खलनायक शोधणाऱ्यांना हे फारसं आवडलं नाही.

आणि लेक्वंगन लोक गेलेले नाहीत, हे सांगायचं राहून जाऊ नये. सॉन्गीज राष्ट्राच्या शेरिल ब्राइस यांनी शहरातल्या बीकन हिल उद्यानात, म्हणजे त्यांच्या भाषेतल्या मीगन इथे, स्वयंसेवक जमवून ब्रूम आणि परकी झुडपं उपटण्याचं काम सुरू केलं. हेतू नुसती फुलं वाचवण्याचा नाही. कंद काढायचे, खड्ड्यात शिजवायचे आणि खायचे आहेत. इथे संवर्धनवाद्यांशी थोडी ओढाताण होते. एकाला माळ पाहायला हवा आहे, दुसऱ्याला तो कसायला. माझा कौल कुठे आहे हे तुमच्या लक्षात आलंच असेल. जो माळ उकरल्याने, निंदल्याने आणि जाळल्याने झाला, त्याला हात लावू नका असं त्या बायकांच्या नातींना सांगणं म्हणजे १८५० चा कागद पुन्हा लिहिणं आहे, या वेळी प्रेमाने.

कॅमस बीपासून लावला तर पहिलं फूल यायला तीन ते पाच वर्षं जातात. तोवर ती नुसती गवतासारखी पाती, ओळखूही येत नाहीत, त्यामुळे निंदताना ती उपटली जाऊ नयेत म्हणून जाणत्या बाईला सोबत घ्यावं लागतं. ओकला तर पहिलं एकॉर्न धरायला वीस-एक वर्षं लागतात.

इथे थांबतो. वेळ बराच झाला, आता प्रश्न घेऊ.